चिंतेचे गुलाम

जकार्तातल्या ऑफिसात रुजू झाल्यावर पहिल्याच आठवड्यात शेजारच्या टेबलावरच्या मुलीनं आपल्या मैत्रिणीकडे बोट दाखवलं आणि मला म्हणाली, "म्बाक, ही बुचिन आहे." म्बाक म्हणजे ताई, एवढं एव्हाना कळलं होतं. बुचिन हे मला आडनाव वाटलं. मग तिनंच फोड करून सांगितली. इंडोनेशियन भाषेत बुदाक म्हणजे गुलाम. आणि चिंता म्हणजे प्रेम.

हो, आपलीच चिंता. संस्कृतातून निघाली, समुद्र ओलांडला आणि तिकडे प्रेम होऊन बसली. रात्री फोनवर आईला हे मोठ्या कौतुकानं सांगितलं, तर ती म्हणाली, "मग दुसरं काय असतं?"

इथली विशी-तिशीतली पोरं बोलतात ती अशी कापून. अंगात आळस भरला की 'मालास गेराक', हलायचा कंटाळा. त्याचं झालं 'मागेर'. 'गाजी बुता' म्हणजे काम न करता मिळणारा आंधळा पगार. त्याचं 'गाबुत' झालं आणि आता नुसतं बसून कंटाळा आला तरी माणूस गाबुत असतो, पगार मिळो न मिळो. आमच्या सॉफ्टवेअरच्या धंद्यात पीएचपी ही प्रोग्रामिंगची भाषा, पण यांच्या तोंडी 'पे-हा-पे' म्हणजे खोटी आशा लावून गायब होणारा इसम. असा इसम भेटला की मग 'चुर्हात' होतं: 'चुराहान हाती', काळीज ओतणं. हाती म्हणजे खरं तर यकृत, खाटकाकडेही मिळतं. आपण तरी काय, कलेजी खातो आणि काळीज तुटलं म्हणून रडतो!

आपल्याकडेही 'मविआ' झालं, 'झोपु' झालं. पण ते सगळं सरकारी आणि राजकारणी. प्रेमभंगाला आद्याक्षरं लावायचं आपल्याला सुचलं नाही. इथंही ही खोड मुळात सरकारचीच असावी, असा मला दाट संशय आहे. जकार्ता, बोगोर, देपोक, तांगेरांग, बेकासी मिळून 'जाबोदेताबेक' असं नाव जिथं कागदोपत्री चालतं, तिथल्या पोरांनी आणखी काय करायचं?

पोरं चिमटेही त्याच हत्यारानं काढतात. सुदिरमान रस्त्याजवळच्या काचेच्या इमारतींच्या भागाला 'एससीबीडी' म्हणतात. त्यातल्या सीबीडीचा अर्थ व्यापारी केंद्र. 2022 साली चितायाम, बोजोंगगेदे, देपोक अशा लांबच्या उपनगरांतली पोरं लोकलनं त्याच रस्त्यावरच्या दुकुह आतास भागात यायला लागली आणि स्वस्तातले पण झोकदार कपडे घालून तिथल्या झेब्रा क्रॉसिंगवर रॅम्पवॉक करायला लागली. बदलापूर-वांगणीच्या पोरांनी नरिमन पॉइंटचा सिग्नल ताब्यात घ्यावा, तसं. 'एससीबीडी'चा नवा अर्थ लगेच तयार झाला: सुदिरमान, चितायाम, बोजोंगगेदे, देपोक.

संध्याकाळी सगळे 'नोंगक्रोंग' करतात. मूळ अर्थ उकिडवं बसणं; प्रत्यक्षात कट्टा. पैसे असले तर एसीतल्या कॅफेत बर्फ घातलेली 'कोपी सुसु गुला आरेन'. सुसु म्हणजे दूध (हसू नका) आणि गुला आरेन हा आपल्या गुळाचाच भाऊ, फक्त उसाऐवजी ताडाच्या जातीच्या झाडापासून केलेला. पैसे नसले तर फुटपाथवर 'स्टारलिंग'. हा पक्षी नव्हे. 'स्टारबक्स केलिलिंग', म्हणजे फिरतं स्टारबक्स: सायकल, गरम पाण्याचे थर्मास आणि हँडलला लोंबणाऱ्या इन्स्टंट कॉफीच्या पुड्यांच्या माळा. मला हेच जास्त आवडतं. कॅफेत माणसं लॅपटॉपकडे बघतात, इथं एकमेकांकडे.

'हीलिंग' मात्र माझ्या पचनी पडत नाही. शनिवार-रविवार डोंगरात जाऊन यायचं, त्याला हे नाव. पुंचाकच्या घाटात सुट्टीच्या दिवशी इतकी कोंडी होते की पोलीस आळीपाळीनं रस्ता एकेरी करतात. आमची मंडळी त्यात ताटकळून सोमवारी येतात ती आणखी दमून, आणि पुढच्या हीलिंगचा बेत आखायला लागतात.

परवा फुटपाथवर असेच बसलो होतो. धो धो पाऊस आला, निघायला सगळेच मागेर. माझा फोन चौथ्यांदा वाजला, तसं शेजारणीनं डोळे मिचकावून विचारलं, "पाचार?" म्हणजे प्रियकर.

"नाही गं, आई. पाऊस आहे ना, घरी पोचले का विचारतेय."

तिनं कॉफीचा घोट घेतला आणि समजल्यासारखी मान हलवली.

"ओह. बुचिन."