बी. व्ही. कारंतांचे संगीत आणि आपले पदांना सरावलेले कान

कन्नड साहित्यकृतींवरच्या चित्रपटांच्या संगीताविषयी बोलायचे झाल्यास सुरुवात नाट्य-चित्रपट दिग्दर्शक आणि संगीतकार बी. व्ही. कारंतांपासून करावी, असे माझे मत आहे, आणि बेळगावच्या मराठी मंडळींत ते मांडताना मला जरा अवघडायला होते. १८८० साली ‘संगीत शाकुंतल’ रंगभूमीवर आणणारे अण्णासाहेब किर्लोस्कर आपल्याच जिल्ह्यातल्या गुर्लहोसूरचे. तेव्हापासून घरी परतताना एखादे पद ओठांवर नसेल, तर संगीत उणे पडले असे मानायची आपल्याला सवय जडली आहे. कारंतांच्या चित्रपटांतून असे गुणगुणण्याजोगे फारसे हाती लागत नाही, आणि मला तर तेच त्यांचे मोठेपण वाटते.

दक्षिण कन्नडमध्ये १९२९ साली जन्मलेले कारंत लहान वयातच गुब्बी वीरण्णांच्या नाटक कंपनीत गेले, पुढे बनारसला ओंकारनाथ ठाकुरांकडे गाणे शिकले आणि त्यानंतर दिल्लीच्या राष्ट्रीय नाट्य विद्यालयात दाखल झाले. कंपनी नाटकाचा पेटी-तबला आणि बनारसची रागदारी असे दोन्ही संस्कार पदरी असताना चित्रपटासाठी मात्र त्यांनी यांतले काय वापरायचे नाही, हे आधी ठरवले असावे.

‘चोमन दुडी’ हे याचे सर्वांत स्पष्ट उदाहरण. शिवराम कारंतांची (हे कारंत वेगळे, दोघांची गल्लत नेहमी होते) ही कादंबरी १९३३ सालची असून तिच्यावरचा चित्रपट १९७५ साली बी. व्ही. कारंतांनीच दिग्दर्शित केला आणि त्याला सर्वोत्कृष्ट चित्रपटाचे सुवर्णकमळही मिळाले. स्वतःची जमीन कसण्याची आस असलेला, पण अस्पृश्य म्हणून ती कधीच न मिळणारा वेठबिगार चोमा दुःख अनावर झाले की दुडी हे लहानसे चर्मवाद्य वाजवत बसतो. कादंबरीकाराला चोमाच्या मनातले चार ओळींत सांगता येते, कॅमेऱ्याला ते जमत नाही, आणि अशा वेळी बहुतेक संगीतकार व्हायोलिनचा ताफा बोलावून प्रेक्षकाला रडण्याची खूण करतात. कारंतांना तशी गरज पडली नाही, कारण कथेतले वाद्य कथेतल्याच माणसाच्या हाती होते. चोमाला ऐकू येते तेच आपल्याला ऐकू येते. त्यामुळे अखेरीस दार लावून घेऊन तो दुडी वाजवत राहतो, तेव्हा त्या आवाजावर आणखी काही चढवण्याची आवश्यकताच उरत नाही.

गिरीश कासरवळ्ळी यांच्या ‘घटश्राद्ध’ला (१९७७) कारंतांनी केवळ संगीत दिले. यू. आर. अनंतमूर्तींच्या या कथेत एका विधवेला जिवंतपणीच मृत ठरवून तिचे श्राद्ध घातले जाते, आणि हे सारे वेदपाठशाळेतला एक कोवळा मुलगा पाहत असतो. मंत्रपठण हा इथल्या कथेचाच नाद असल्याने पार्श्वसंगीताने कोणाची बाजू घ्यावी हा मोठा कठीण प्रश्न होता. कारंतांनी हात आखडता घेतला, हे मला त्यांचे उत्तर वाटते. त्या वर्षीचा संगीताचा राष्ट्रीय पुरस्कार त्यांना याच चित्रपटासाठी मिळाला.

त्याआधीच्या वर्षीचा पुरस्कार ‘ऋष्यशृंग’साठी होता, आणि इथे आपला जिल्हा पुन्हा येतो. चंद्रशेखर कंबारांच्या ज्या नाटकावरून तो चित्रपट निघाला, ते कंबार हुक्केरीकडच्या घोडगेरीचे. त्यांचे ‘जोकुमारस्वामी’ कारंतांनीच रंगमंचावर आणले होते. या भागातल्या लोकनाट्याची लय कंबारांनी लहानपणापासून ऐकलेली आणि कारंत तर किनारपट्टीच्या यक्षगान या नृत्य-गायनप्रधान लोकनाट्याच्या मुलखातले. तरीही दोघांचे जमले, याचे मला नेहमी नवल वाटते. आपल्या मराठी नाट्यमंडळांत किर्लोस्करांची जयंती आठवणीने साजरी होते, पण कंबारांचे नाव क्वचितच निघते, ही खंत इथे नोंदवून ठेवतो.

‘घटश्राद्ध’ची जीर्णोद्धारित प्रत २०२४ साली व्हेनिसच्या महोत्सवात दाखवली गेली. ती आपल्याकडे पाहायला मिळाली, तर कन्नड येत नसले तरी जरूर पाहावी, आणि निदान एकदा पाठशाळेचे प्रसंग उपशीर्षकांकडे न बघता नुसते ऐकावेत.