भिंतीवरच्या दुसऱ्या बाई

कोल्हापुरात राजारामपुरीतल्या माझ्या टंकलेखनाच्या वर्गात, परीक्षेच्या वेळापत्रकाशेजारी, मासिकातून कापून घेतलेले एक जुने छायाचित्र लावलेले आहे. चित्रांनी भरलेल्या भिंती, मध्ये शेकोटी, तिच्या एका बाजूला धिप्पाड बाई आणि दुसऱ्या बाजूला काटकुळी बाई. मुलीचे नाव घालायला आलेले पालक फी विचारून झाली की हमखास तिकडे बोट करतात. "ह्या कोण हो मॅडम? तुमच्या कोण लागत्यात?" धिप्पाड बाई म्हणजे गर्ट्रूड स्टाइन, पॅरिसमध्ये राहणारी प्रसिद्ध अमेरिकन लेखिका, असे मी सांगते. पण बहुतेकांचे बोट काटकुळ्या बाईंकडे असते, आणि त्यांच्याविषयी मी आजवर "लेखिकेची मैत्रीण" एवढे म्हणून वेळ मारून नेत आले. म्हणून या खेपेस त्यांच्याविषयी नीट सांगते.

त्यांचे नाव अ‍ॅलिस टोकलस. जन्म १८७७ चा, सॅन फ्रान्सिस्कोचा. अ‍ॅलिस विशीत असतानाच आई गेली आणि आजोबा, वडील, भाऊ अशा पुरुषांच्या घराचा कारभार तिच्या अंगावर पडला. मन लावून शिकलेला पियानो मागे राहिला. १९०७ च्या सप्टेंबरात ती पॅरिसला पोचली आणि पोचली त्याच दिवशी तिची स्टाइनशी गाठ पडली. तेव्हापासून १९४६ मध्ये स्टाइनचे निधन होईपर्यंत, म्हणजे ३९ वर्षे, अ‍ॅलिसचे आयुष्य तिच्याच भोवती फिरत राहिले. स्वयंपाक, बाग, पत्रव्यवहार, पाहुण्यांपैकी कोणाला आत घ्यायचे आणि कोणाला परत पाठवायचे, हे सगळे तिच्याकडे होते. पिकासो आणि मातीस यांच्यासारखे चित्रकार ज्या घरी येत, त्या घरी स्टाइन कलावंतांशी बोलत असे आणि अ‍ॅलिस त्यांच्या बायकांपाशी बसत असे. (आपल्याकडेही शाल-श्रीफळ लेखकाला मिळते आणि सौभाग्यवतींची ओटी भरली जाते.)

मला मात्र तिच्यात ओढले ते टाइपरायटरने. स्टाइन रात्री वह्यांमधून लिहीत असे आणि तिचे अक्षर असे होते की कधी कधी तिचे तिलाच लागत नसे. अ‍ॅलिस सकाळी लवकर उठून ते टाइप करीत असे. ती टंकलेखन मुद्दाम शिकली तीही याच कामासाठी, 'द मेकिंग ऑफ अमेरिकन्स' ही अवाढव्य कादंबरी तयार होत असताना. आता स्टाइनची शैली अशी की तेच वाक्य एखाददुसरा शब्द बदलून पुन्हा येते, पुन्हा येते आणि आणखी एकदा येते. वाचणाऱ्याला त्यात लय सापडत असेल, पण टाइप करणाऱ्याला तो सापळा असतो. नजर कागदावरून मशीनवर आणि मशीनवरून कागदावर जाते-येते, तेवढ्यात ती खालच्या तसल्याच ओळीवर उतरते आणि मधल्या चार ओळी गळून जातात. विद्यापीठाच्या प्रबंधांत "प्रस्तुत संशोधनाच्या संदर्भात" हे शब्द एका पानात पाच वेळा आले की माझे असेच होई. अ‍ॅलिसने पुढे सांगितले आहे की तिची बोटे स्टाइनच्याच लेखनाला सरावली होती, पियानोवर बाख या संगीतकाराच्या रचना वाजवताना हात सरावतो तशी. पियानो सुटला होता, पण बोटे बसून राहिली नव्हती, असे मला ते वाचून वाटले.

१९३३ मध्ये 'द ऑटोबायोग्राफी ऑफ अ‍ॅलिस बी. टोकलस' हे पुस्तक निघाले आणि तुफान खपले. नाव आत्मचरित्र, बोलणारी अ‍ॅलिस, पण लिहिले ते स्टाइनने. त्यात एके ठिकाणी अ‍ॅलिस म्हणते की एखाद्या वस्तूवरची धूळ रोज झटकल्याशिवाय ती वस्तू कळत नाही आणि पुस्तक टाइप केल्याशिवाय किंवा त्याची प्रुफे तपासल्याशिवाय ते पुस्तक कळत नाही. एका प्राध्यापकांनी हे मला वाचून दाखवले तेव्हा मी ते पान दोनदा वाचायला लावले. पुढे ते वाक्यही स्टाइनच्या हातचे आहे हे कळल्यावर मला राग आला; ज्या प्रबंधाच्या ऋणनिर्देशात मार्गदर्शकांपासून चहावाल्यापर्यंत सगळे होते आणि टंकलेखिका नव्हती, तो प्रबंध हाती आला तेव्हा आला होता तसाच. आता मात्र माझे मत बदलले आहे. रोज धूळ झटकणाऱ्या बाईकडून ऐकल्याशिवाय स्टाइनला ते वाक्य सुचले नसते.

पुढची गोष्ट थोडक्यात सांगते, कारण ती मला फारशी सांगवत नाही. स्टाइनच्या मृत्युपत्रानुसार चित्रसंग्रह तिच्या भाच्याकडे जायचा होता, पण अ‍ॅलिस हयात असेपर्यंत तो तिच्यापाशी राहायचा होता. १९६१ मध्ये ती इटलीत असताना वारसांनी भिंतींवरची चित्रे काढून नेली; परत आली तेव्हा रिकाम्या भिंती होत्या. नंतर ते घरही गेले. मधल्या काळात, १९५४ साली, म्हणजे वयाच्या ७७ व्या वर्षी, तिचे स्वतःच्या हातचे पहिले पुस्तक आले, आणि ते होते पाककृतींचे. १९६३ च्या आठवणींच्या पुस्तकात तिने स्टाइनच्या मृत्यूपाशी लेखणी थांबवली, जणू त्यानंतरची वर्षे तिची नव्हतीच. १९६७ मध्ये ती गेली. पॅरिसमधल्या पेर लाशेझच्या दफनभूमीत एकाच दगडावर दोघींची नावे आहेत; अ‍ॅलिसचे मागच्या बाजूला आहे, ते वाचायला वळसा घालून जावे लागते.

वर्गात अजून मशीन खडखडत असत तेव्हाची गोष्ट. इंग्रजी ४० ची, म्हणजे मिनिटाला ४० शब्दांच्या परीक्षेची, तयारी करणाऱ्या एका मुलीने काटकुळ्या बाई कोण लागतात हे विचारलेच नाही, तिने विचारले, "मॅडम, त्यांचा स्पीड किती होता?" मी म्हटले, स्पीडचे सोड, 'द मेकिंग ऑफ अमेरिकन्स' हे पुस्तक १९११ मध्ये लिहून पूर्ण झाले, छापून आले १९२५ मध्ये, सव्वानऊशे पानांचे, आणि मधली चौदा वर्षे ते हिने टाइप केलेल्या कागदांवरच राहिले. मुलीने रोलर फिरवून आपला कागद सरळ केला आणि म्हणाली, "मग कार्बन घातला असंल न्हवं त्यांनी?"