अडीच दिडं पावणेचार

स्मरणिकेसाठी लिहायला बसलो आणि पहिली आठवली ती आपल्या शाळेच्या व्हरांड्यातली शहाबादी फरशी.

१९७९ साल, सहावीचा वर्ग. बाईंनी फळ्यावर लिहिलं, 'अडीच रुपये लिटर भावाने दीड लिटर दुधाचे किती?' सगळ्या माना माझ्याकडं वळल्या. आमच्या म्हशी कोल्हापुरात गंगावेशीतल्या दूध कट्ट्यावर उभ्या असायच्या. गिऱ्हाइकासमोर धार काढून फेसाळ पेला हातात द्यायचा, हा घरचा धंदा. मी ऐटीत उठलो. दोन एके दोन, अर्ध्याचा अर्धा पाव. सव्वादोन रुपये!

"लिटरला अडीच आणि दीड लिटरला सव्वादोन? मग उद्यापासून तुझ्याकडंच रतीब लावते." वर्ग खो खो हसला.

छडी वगैरे काही नाही. बाईंनी आम्हाला बाहेर नेलं, फरशीवर खडूनं अडीच वीत लांब, दीड वीत रुंद चौकोन आखला आणि पुऱ्या वितीवर रेघा मारून त्याचे चार तुकडे केले: २, १, १/२ आणि १/४. माझ्या गुणाकारात पहिला नि शेवटचा तेवढाच आला होता. मधले दोन, म्हणजे बरोब्बर दीड रुपया, मी गिळला होता! आधी अंशाधिक अपूर्णांक करून घ्या, ५/२ गुणिले ३/२, म्हणजे १५/४, हा नियम पाठ होताच. तो कशासाठी, ते तिथं उकिडवं बसल्यावर कळलं.

शाब्दिक उदाहरणात 'चा, ची, चे' दिसलं की गुणाकाराचा वास घ्या, असं बाई म्हणायच्या. आणि 'उरलेल्या' दिसलं की दोनदा थांबा. कासंडीत साडेसात लिटर दूध. त्याचा २/५ भाग रतीबाला, उरलेल्याचा १/३ कट्ट्यावर. निम्म्या वर्गानं साडेसाताचाच तिसरा हिस्सा काढून अडीच लिटर सांगितलं. मी साडेचाराचा काढला, दीड. सव्वादोनचा बट्टा तेवढा धुऊन निघाला.

संध्याकाळी कट्ट्यावर दोन्ही उदाहरणं वडिलांना घातली. शिक्षण चौथी, पण पावकी, निमकी, दिडकी, अडीचकी हे अपूर्णांकांचे पाढे तोंडपाठ. पहिल्याला मान वर न करता म्हणाले, "अडीच दिडं पावणेचार. त्यात काढायचं काय?" दुसऱ्याला मात्र धार थांबली.

"तीन रतीबाला, दीड कट्ट्यावर. मग ऱ्हायलेलं तीन लिटर कोन पितंय रं?"

ते बाईंना विचारायचं राहिलंच.