उतरंडीवरची नावे

मी स्ट्रक्चरल इंजिनिअर आहे. पाण्याच्या टाक्या, जाहिरातींचे फलक आणि गोदामांची छपरे वाऱ्यात टिकतील की नाही हे तपासून प्रमाणपत्रावर सही करणे हा माझा रोजचा उद्योग. त्यामुळे पुण्यातील एका उद्यानात उभ्या राहणाऱ्या शिल्पाचे काम आले, तेव्हा मी ते फलकाच्याच जातीचे समजून घेतले. शिल्प उतरंडीचे होते. एकावर एक चढवलेली पाच मडकी, एकूण उंची ६ मीटर, आणि प्रत्येक मडके लोकांनी दिलेल्या जुन्या भांड्यांचे. आत लोखंडी पाइपचा सांगाडा आणि बाहेरून पातेली, डबे, तांबे, ताटे, पराती अशी सुमारे ९०० भांडी.

शिल्पकार बाईंच्या पहिल्या रेखाटनात सगळ्या भांड्यांची तोंडे बाहेर होती. दिसायला ते फार सुंदर होते आणि मला ते मुळीच चालणारे नव्हते. वाऱ्याचा वेग मोजणारी वाट्यांची फिरकी वेधशाळेच्या गच्चीवर फिरते, ती वाटीच्या पोकळ बाजूवर वारा फुगीर बाजूच्या जवळजवळ साडेतीनपट जोराने रेटतो म्हणूनच. इमारतींवरच्या वाऱ्याच्या भाराच्या आपल्या भारतीय मानकात पुण्यासाठी वाऱ्याचा मूळ वेग सेकंदाला ३९ मीटर धरलेला आहे, म्हणजे ताशी सुमारे १४० किलोमीटर, आणि त्या वेगाला एका चौरस मीटरवर ९० किलोंहून अधिक दाब येतो. बाहेर तोंड केलेली शेकडो पातेली म्हणजे वाऱ्याला दिलेले तितकेच कान. शिवाय पावसाळ्यात त्यांत पाणी साचणार, वजन वाढणार आणि डासांच्या अळ्यांसाठी आरोग्य खात्याची नोटीस येणार, ते वेगळेच.

बाईंनी सुबोध गुप्ता यांचे उदाहरण दिले. दिल्लीत साकेतच्या किरण नाडर कला संग्रहालयात त्यांचा स्टीलच्या भांड्यांचा अणुस्फोटाचा ढग मी पाहिला होता. २००८ सालचे ते शिल्प सुमारे १० मीटर उंच आणि २६ टन वजनाचे आहे. मी म्हणालो, ते छपराखाली आहे, तिथे वारा नाही आणि पाऊसही नाही. चंदीगडला नेकचंद यांनी फुटक्या बांगड्या आणि कपबश्यांचे तुकडे वापरून अख्खी बाग उभी केली, पण ते तुकडे सिमेंटमध्ये बसवलेले आहेत आणि भार सिमेंट घेते. आमचे प्रत्येक भांडे मात्र उघड्यावर, स्वतःच्या पत्र्याच्या बळावर उभे राहणार होते.

शेवटी भांडी सगळी पालथी घालायची असे ठरले. पालथ्या घड्यावर पाणी, असे बाई हसून म्हणाल्या खऱ्या, पण घासलेली भांडी प्रत्येक घरात पालथीच निथळतात हे त्यांना पटले. जोडणी रिव्हेटची, म्हणजे भोकातून घालून चेपलेल्या धातूच्या खिळीची, घ्यावी लागली, कारण भांड्याचा पत्रा जेमतेम अर्ध्या मिलिमीटरचा असतो आणि साध्या वेल्डिंगने त्याला भोक पडते, तर पितळेतले जस्त उष्णतेने धूर होऊन निघून जाते. आराखड्यात मी प्रत्येक भांड्याला काठालगत तीन रिव्हेट दाखवली. दोन शेजारच्या भांड्यांना आणि एक मागे सांगाड्याच्या पट्टीला. काठ वळवलेला असल्यामुळे भांड्याची सगळ्यांत ताठ जागा तीच असते. आराखडा मला निर्दोष वाटत होता.

भोसरीच्या शेडमध्ये जोडणी सुरू झाली त्या शनिवारी मी सकाळी दहाला पोहोचलो. अकरा भांडी चढली होती. बाई माझ्या आधी आल्या होत्या आणि बाराव्या पातेल्याला ड्रिल लागण्यापूर्वी त्यांनी वेल्डरला थांबवले होते. त्यांनी पातेले माझ्या हातात दिले आणि विचारले, "साहेब, हे वाचलंत का?"

काठाखाली ठिपक्याठिपक्यांच्या अक्षरांत लिहिले होते, 'चि. कुसुमच्या लग्नात मावशीकडून सप्रेम भेट'. वेल्डरने खडूने केलेली खूण बरोबर 'मावशी'वर होती.

भांड्यांवर नावे असतात हे मला माहीत नव्हते असे नाही. माझ्या घरातल्या निम्म्या भांड्यांवर आहेत. पण भांड्यांच्या दुकानात नाव घालणारा माणूस यंत्र टेकवायला काठाखालचीच जागा निवडतो आणि मी रिव्हेटसाठी तीच निवडली, हे माझ्या डोक्यात आले नव्हते. माझ्या आराखड्यात पातेले म्हणजे एक वर्तुळ होते, आणि वर्तुळ कसेही फिरवले तरी सारखेच.

उपाय साधा होता. प्रत्येक भांडे असे फिरवायचे, की नाव बाहेर येईल आणि रिव्हेट दोन्ही बाजूंना व मागे जातील. त्यासाठी मात्र ९०० भांडी एकेक करून वाचणे भाग होते. वेल्डर, त्याचे दोन मदतनीस, बाई आणि मी जमिनीवर बसलो, आणि नाव सापडले की त्यासमोर खडूची रेघ, असा क्रम सुरू झाला. कंत्राटदार तासातासाने घड्याळ दाखवून जात होता, आणि त्याचे चूक नव्हते.

माझी अशी समजूत होती, की लोकांनी मोडीत काढायची भांडीच आणून दिली असतील. 'कै. आईच्या स्मरणार्थ' लिहिलेले तांबे निघाले, मुंजीतली पंचपात्री निघाली, हळदीकुंकवाला वाटलेल्या एकसारख्या वाट्यांचा संच निघाला. जुन्या पितळी भांड्यांवरची अक्षरे छिन्नीने हाताने कोरलेली होती. ती बोटाला लागत होती, पण कल्हईच्या आणि चिंचेच्या घासण्याने काही इतकी झिजली होती, की तिरप्या उजेडात धरल्याशिवाय दिसत नव्हती. वेल्डरला मराठी वाचता येत नव्हते. तो मोबाइलचा दिवा तिरपा धरून ठिपके शोधायचा आणि मदतनीस मोठ्याने वाचायचा. दुपारनंतर तर त्याचे वाचन ऐकण्यासाठी शेजारच्या शेडमधली माणसे येऊन उभी राहू लागली.

खरी अडचण ३७ भांड्यांनी केली. त्यांवर समोरासमोर दोन नावे होती, बहुधा आईला मिळालेले भांडे मुलीला देताना दुसऱ्यांदा नाव घातलेले. एक नाव बाहेर केले की दुसरे मागच्या रिव्हेटखाली जात होते. मागचे नाव कोणाला दिसणारच नाही, असे मी म्हणून पाहिले. बाईंनी उत्तर दिले नाही, त्या नुसत्या पुढचे भांडे वाचत राहिल्या. मग मी कागद घेतला आणि त्या भांड्यांपुरते मागचे रिव्हेट रद्द करून आतून काठ पकडणारी वाकडी पट्टी काढली. तिचे गणित तिथेच मांडले आणि जोर कमी पडतो असे दिसल्यावर ती सगळी भांडी वाऱ्याचा रेटा कमी असलेल्या खालच्या दोन मडक्यांत हलवली. बाईंच्या रंगसंगतीला हे सोयीचे नव्हते, कारण पितळ त्यांना वर हवे होते. त्यांनी ते मान्य केले, कुरकूर करून.

रात्री साडेनऊला शेवटची रेघ ओढून झाली.

जुलैत पावसाळी तपासणीसाठी मी उद्यानात गेलो. दोन रिव्हेट सैल झाली होती आणि परातींना पाणी जाण्यासाठी पाडलेली भोके गुलमोहराच्या पानांनी बुजली होती. ती तारेने मोकळी केली. भांडी पालथी असल्यामुळे नावे उलटी दिसतात, ही गोष्ट आमच्यापैकी कोणाच्याच लक्षात आली नव्हती. उतरंडीभोवती माणसे माना वाकड्या करून उभी असतात. तपासणीच्या यादीत मी त्या पहिल्या अकरा भांड्यांची वेगळी नोंद ठेवली आहे. त्यांतल्या एका डब्यावर तारीख आहे आणि वर्षाचा शेवटचा आकडा रिव्हेटखाली गेला आहे. ते काढावे का, असे बाईंनी विचारले होते. काढले असते, तर तिथे भोक राहिले असते.