ऑल्ट-स्पेस आणि वीस तारीख

दर महिन्याची वीस तारीख जवळ आली की इंदूरच्या रामबागेतल्या आमच्या घरात माझा चहासुद्धा टेबलावरच येतो. ३बी, म्हणजे जीएसटीचं दरमहा भरायचं रिटर्न, त्याची मुदत डोक्यावर असते. सियागंजचे किराणा व्यापारी, क्लॉथ मार्केटमधली दोन दुकानं, अशा तीसेक पार्ट्यांचं काम मी घरूनच बघते.

त्यात मधेच फोन येतो, "मॅडम, पिछले साल का रिटर्न भेज दो, बैंक वाले माँग रहे हैं." पूर्वी मी टॅली खाली करायचे, मग डेस्कटॉप, मग पार्ट्यांचं फोल्डर, मग वर्ष, मग दुकानाचं नाव. वाटेत काल अर्धवट ठेवलेली दुसऱ्याच कुणाची एक्सेल दिसली की हात आधी तिकडे जायचा. सियागंजवाले शेठ ताटकळत बसायचे.

दिवाळीत भाचा आला होता. तासभर शेजारी बसून बघत राहिला आणि म्हणाला, "मावशी, तुझा निम्मा वेळ काम शोधण्यात जातोय." जाताना त्याने मायक्रोसॉफ्टचं पॉवरटॉइज, म्हणजे विंडोजसाठीच्या छोट्या सोयींचा संच, टाकून दिलं. फुकट मिळतं. त्यात पॉवरटॉइज रन नावाचा लाँचर आहे, म्हणजे नाव टाइप करून प्रोग्राम उघडायची सोय. ऑल्ट आणि स्पेस एकदम दाबलं की स्क्रीनवर एक पट्टी येते. एक्सेलची पहिली दोन अक्षरं टाइप करायची, एंटर मारायचा, एक्सेल उघडतं. सुरुवातीला बरोबरचं चिन्ह टाकलं तर तिथेच हिशेब होतो. १,१८,००० ला १.१८ ने भागलं की कराआधीचे १,००,००० समोर. कॅल्क्युलेटर मी महिनोन्‌महिने उघडलेला नाही. आता त्याच पॉवरटॉइजमध्ये कमांड पॅलेट नावाची नवी पट्टीही आली आहे, पण माझ्या बोटांत जुनीच बसली आहे.

फाइली शोधायला एव्हरीथिंग नावाचा प्रोग्राम वापरते. डिस्कवर कुठली फाइल कुठे आहे याची यादी विंडोजपाशी असतेच. हे ती यादीच वाचतं, एकेक फोल्डर धुंडाळत बसत नाही. म्हणून नाव टाइप होता होता फाइल दिसते.

एका गोष्टीने मात्र मला पहिले पंधरा दिवस फार छळलं, आणि ती देवनागरीत टाइप करणाऱ्या आपल्यासारख्यांना सोसावी लागते. संध्याकाळी मी मंडळाचं इतिवृत्त मराठीत टाइप करते, इनस्क्रिप्ट या देवनागरी कीबोर्डवर. कीबोर्ड मराठीतच राहायचा. सकाळी ऑल्ट-स्पेस दाबून एक्सेलची दोन अक्षरं मारली की पट्टीत उमटायचा नुसता काना आणि अनुस्वार. खाली काहीच नाही. मला वाटायचं, प्रोग्रामच बिघडला. आता पट्टी उघडण्याआधी डोळा कोपऱ्यातल्या भाषेच्या खुणेवर जातो. मराठी असेल तर विंडोज-स्पेस. पार्ट्यांच्या फाइलींची नावंही मी सगळी रोमनमध्ये बदलली: आधी दुकानाची तीन अक्षरं, मग वर्ष, मग रिटर्नचा प्रकार. त्यात एक अख्खा रविवार गेला. पण ते केलं नसतं तर कुठलाही लाँचर मला उपयोगी पडला नसता, असं माझं ठाम मत आहे.

फोनवर किस नावाचा लाँचर टाकलाय. पडद्यावर आयकॉनांची गर्दी नाही, खाली फक्त शोधायची पट्टी. ओटीपी विचारायला पार्टीला फोन करायचा असला की नावाची दोन अक्षरं टाकते, नंबर समोर येतो, लावते. पूर्वी फोन हातात घेतला की व्हॉट्सॲपवरचा लाल आकडा आधी दिसायचा आणि पाच मिनिटांनी आठवायचं की ओटीपी विचारायचा होता. मला यातली हीच गोष्ट सगळ्यात मोलाची वाटते. वाचलेले सेकंद मी कधी मोजले नाहीत. जे मनात धरून हात पुढे केला, ते हातात येईपर्यंत मनात राहतं.

परवा अठरा तारखेला सियागंजहून पुन्हा तोच फोन आला, बँकेसाठी रिटर्न हवं म्हणून. फोन कानाला तसाच ठेवून मी ऑल्ट-स्पेस दाबलं, एव्हरीथिंग उघडलं, तीन अक्षरं आणि वर्ष टाकलं आणि पीडीएफ मेल केली. शेठ अजून बँकेच्या मॅनेजरबद्दल सांगतच होते. मधेच थांबून म्हणाले, "अरे मॅडम, आ भी गया."