चालत बर्लिन

आज गुडघे बोलतायत. काल रात्री ओस्कार फिशिंगर या जर्मन अ‍ॅनिमेशनकाराची एक छोटी फिल्म पाहिली. १९२७ साली हा बाबा म्युनिकहून बर्लिनला चक्क चालत गेला, साडेतीन आठवडे. वाटेत शेतकरी, ढग, मेंढरं, जे दिसेल त्याची एकेक फ्रेम टिपत. अख्खा प्रवास चारेक मिनिटांत डोळ्यांपुढून भर्रकन जातो.

मग काय, आज सकाळी मीही घर ते स्टेशन दर दहा पावलांना एक फोटो काढत गेलो. चहावाल्याने विचारलं, "सर्व्हे आहे का?" निष्पन्न काय, तर सोळा सेकंद, त्यातले निम्मे माझ्या बोटाचे!

पुढे फिशिंगर हॉलिवूडला गेला. डिस्नेच्या 'फँटेशिया' या अ‍ॅनिमेशनपटावर काम केलं, पण त्याच्या अमूर्त आकृत्या इतक्या बदलल्या की वैतागून बाहेर पडला. श्रेयनामावलीत नावही नाही. १९४७ मध्ये मात्र त्याने काचेसारख्या प्लास्टिकवर तैलरंगात चित्र रंगवत, प्रत्येक फटकाऱ्याला एक फ्रेम घेत, बाखच्या संगीतावर अकरा मिनिटांची फिल्म केली. नंतर पैशांअभावी फिल्म जवळपास सुटल्याच, कॅनव्हास तेवढा राहिला.

ते सोळा सेकंद आईला दाखवले. म्हणाली, "अरे, दूध कुठंय?"