इटलीला येताय? एक सकाळ मंडईसाठी राखून ठेवा

मे महिन्याची सुट्टी जवळ आली की पुणे, मुंबई, नाशिकहून मला मेसेज यायला लागतात. रोम, फ्लोरेन्स, व्हेनिस ठरलेलं असतं, तिकिटं काढून झालेली असतात आणि मग विचारणा होते, "एखादा कुकिंग क्लास करायचाय, कुठला चांगला?" सोबत तीन-चार लिंक. मी बोलोन्यात राहते. खाण्याच्या बाबतीत इतर इटालियन लोकही या शहराचा मान राखतात, त्यामुळे हा प्रश्न मला विचारला जाणं साहजिक आहे, आणि उत्तर द्यायला मला मनापासून आवडतं. पण लिंक उघडल्या की बहुतेक वेळा एकच मेनू दिसतो : ताजा पास्ता, तिरामिसू, वाइन. रोममध्ये तोच, फ्लोरेन्समध्ये तोच, व्हेनिसमध्येही तोच.

म्हणून सगळ्यांना मी हेच सांगते की क्लास सर्वांत शेवटी निवडा. आधी शहर बघा, मग महिना, मग तिथली मंडई कधी उघडी असते ते. एवढं ठरलं की वीसातले पंधरा क्लास आपोआप गळून पडतात.

शहर आधी का? कारण इथे प्रत्येक शहर आपापलं खातं. बोलोन्यात पास्ता मैदा आणि अंड्यांचा. खाली दक्षिणेत पुलिया प्रांतात तो रव्यासारख्या भरड गव्हाच्या पिठाचा आणि नुसत्या पाण्याचा. बारी शहराच्या जुन्या भागात बायका घराच्या दारात पाट मांडून ओरेक्किएत्ते, म्हणजे छोट्या कानांच्या आकाराचा पास्ता, सुरीच्या टोकाने वळत बसलेल्या असतात. जेनोव्हात पेस्तो, म्हणजे बेझिलच्या पानांची चटणी, शिकावी, नापोलीत (नेपल्समध्ये) पिझ्झा. तिथल्या पिझ्झा करणाऱ्यांच्या कलेला २०१७ मध्ये युनेस्कोच्या यादीत जागा मिळाली. रोमला काचो ए पेपे हा चीज-मिऱ्यांचा पास्ता आणि आर्टिचोक, फ्लोरेन्सला रिबोलीता हे शिळ्या पावाचं नि भाज्यांचं घट्ट सूप. व्हेनिसच्या क्लासमध्ये पिझ्झा किंवा बोलोन्यात 'स्पॅगेटी बोलोनेज' शिकवतो असं लिहिलेलं दिसलं तर ती लिंक तिथेच बंद करा. बोलोन्यातलं रागू, म्हणजे खिम्याचा घट्ट रस्सा, ताल्यातेल्ले या लांब पट्ट्यांच्या पास्त्याबरोबर खातात, आणि हे लोक त्याबाबत फार काटेकोर आहेत. ताल्यातेल्लेची रुंदी शिजल्यावर ८ मिलिमीटर असावी, अशी नोंद इथल्या चेंबर ऑफ कॉमर्समध्ये १९७२ मध्ये झाली आहे. रागूची कृती तिथेच १९८२ मध्ये नोंदवली आणि २०२३ मध्ये सुधारून पुन्हा नोंदवली.

डिसेंबर २०२५ मध्ये दिल्लीत लाल किल्ल्यात युनेस्कोची बैठक झाली. त्यात संपूर्ण इटालियन स्वयंपाक-परंपरेचा अमूर्त वारशाच्या यादीत समावेश झाला, आणि त्याच बैठकीत आपल्या दिवाळीचाही. दोन्ही बातम्या एकत्र वाचताना मला फार आनंद झाला होता.

आता महिना. आपली मंडळी येतात ती मे-जूनमध्ये नाहीतर दिवाळीच्या सुट्टीत, आणि दोन्ही वेळा मंडईसाठी सुरेख आहेत. मे महिन्यात शतावरीचे कोंब, ओला मटार, बाकल्याच्या कोवळ्या शेंगा, स्ट्रॉबेरी, महिनाअखेरीला विन्योला गावच्या चेरी. फुलासकट विकली जाणारी कोवळी झुकिनी यायला लागते. दिवाळीच्या सुमारास पोर्चिनी अळंबी, लाल भोपळा, चेस्टनट, पांढरी ट्रफल, आणि नोव्हेंबरात नुकतंच काढलेलं हिरवंगार, घशाला झोंबणारं ऑलिव्ह तेल. चांगला शिक्षक मेनू यावर ठरवतो. बारा महिने एकच मेनू छापलेला असेल तर तिथे मंडईची फेरी ही फोटो काढण्यापुरतीच असणार.

मग वेळ. इथल्या भाजी बाजारांचं काम सकाळी सातच्या आसपास सुरू होतं आणि दुपारी दीड-दोनपर्यंत बहुतेक आटोपतं. रविवारी बहुतेक बंद. व्हेनिसच्या रिआल्तोचा मासळी बाजार रविवारी आणि सोमवारी बंद. २५ एप्रिल, १ मे, २ जून, १५ ऑगस्ट, १ नोव्हेंबर या सार्वजनिक सुट्ट्या. तेव्हा 'मार्केट टूर आणि कुकिंग क्लास, दुपारी चार वाजता' अशी जाहिरात दिसली तर सरळ विचारा की नेमक्या कोणत्या बाजारात नेणार. फ्लोरेन्सचं मेर्कातो चेंत्राले हे याचं चांगलं उदाहरण. १८७४ मध्ये उघडलेली ही लोखंड-काचेची देखणी इमारत. खालच्या मजल्यावर खरे गाळे आहेत, भाजीचे, मांसाचे, चीजचे, आणि ते दुपारी आवरतात. वरच्या मजल्यावर २०१४ मध्ये फूड हॉल झाला, तो रात्री उशिरापर्यंत चालू असतो. संध्याकाळच्या टूरमध्ये तुम्हाला वरचा मजला दिसणार. तो वाईट नाही, पण तिथे घरची भाजी घ्यायला कोणी येत नाही. फ्लोरेन्समध्येच सांताम्ब्रोज्योला जा, रोममध्ये तेस्ताच्चोला. तिथे पिशवी-ढकलगाडी घेतलेल्या आज्या दिसतील.

बोलोन्यातही असंच. पर्यटकांना नेतात ते क्वाद्रिलातेरोत, मुख्य चौकाला लागून असलेल्या गल्ल्यांमध्ये. गल्ल्या सुंदर आहेत, व्हिया पेस्केरिए वेक्केमध्ये अजून मासे आणि फळं मिळतात, पण दरवर्षी टेबलं वाढताना दिसतात. मी भाजीला जाते ती मेर्कातो देल्ले एर्बेमध्ये, पायी दहा मिनिटं. तिथे एक गाळेवाली आर्टिचोक सोलत असते ते पाहण्यासारखं आहे. बाहेरची जून पानं भराभर खुडायची, देठ तासायचं, वरचा काटेरी शेंडा एका फटक्यात कापायचा आणि लगेच लिंबाच्या पाण्यात सोडायचं, नाहीतर काळं पडतं. हातमोजे नसतात, बोटं काळपट झालेली असतात. तिच्याकडे खरबूज मागितलं की ती आधी विचारते, "आज खाणार की उद्या?" आज म्हटलं तर देठाजवळ दाबून, वास घेऊन एक काढून देते, उद्या म्हटलं तर दुसरं. आपण हात लावायचा नाही, हा इथला शिष्टाचार. निवडून देणं हे विकणाऱ्याचं काम. जो वाटाड्या तुम्हाला असा संवाद करायला लावतो, तुमच्याकडून दोन शब्द बोलवून घेतो, त्याचे पैसे वसूल. जो चीज, हॅम, बाल्सामिक अशा ठरलेल्या थांब्यांवर चाखायला देऊन पुढे पळवतो, त्याच्याबरोबर पोट भरतं, पण बाजार काही कळत नाही.

माझ्या मते इथे येणाऱ्या मराठी माणसासाठी सर्वांत महत्त्वाचा मुद्दा शाकाहाराचा आहे, आणि तो नुसतं 'व्हेजिटेरियन ऑप्शन' वाचून सुटत नाही. पार्मिज्यानो रेज्ज्यानो चीज वासराच्या पोटातलं रेनेट, म्हणजे दूध गोठवणारा पदार्थ, घालूनच बनतं, तसा त्याचा नियमच आहे. ग्राना पादानोही वासराच्या रेनेटवर, पेकोरीनो रोमानो कोकराच्या. इथल्या लोकांच्या हिशेबी हे चीज शाकाहारीच, त्यामुळे विचारल्याशिवाय कोणी सांगणार नाही. ज्यांना चालत नाही त्यांनी 'काल्यो वेजेताले' म्हणजे वनस्पतिजन्य रेनेटचं चीज वापराल का, असं बुकिंगच्या आधी लिहून विचारावं. पारंपरिक पियादिनाच्या, म्हणजे इथल्या पातळ भाकरीच्या, पिठात डुकराची चरबी असते. पुलियातल्या पालेभाजीच्या ओरेक्किएत्तेत बहुधा अँकोव्ही ही छोटी खारवलेली मासळी विरघळवलेली असते, रोमच्या झुकिनीच्या तळलेल्या फुलांतही मोझ्झारेल्लाबरोबर तीच. तोर्तेल्लिनीचं सारण डुकराचं मांस, हॅम, मोर्तादेल्ला यांचं. त्याऐवजी मोठे, रिकोट्टाचे तोर्तेल्लोनी शिकवा म्हणावं, तेही बोलोन्याचेच आहेत.

आणि अंडं. माझी आत्या माळकरी, अंडं अजिबात नाही. ती आली तेव्हा तिला बोलोन्याचा क्लास द्यायचा अट्टहास मी केला नाही, आम्ही जेनोव्हाला गेलो. तिथला त्रोफिए पास्ता पीठ आणि पाण्याचा. चीज आणि लसणाबद्दल आधीच बोलून घेतलं होतं. शिकवणाऱ्या बाईंनी संगमरवरी खलात आधी चिलगोज्यासारखे पाइन नट्स, मग तुळशीच्या कुळातली ती बारीक पानं आणि जाडं मीठ घालून लाकडी बत्त्याने कुटायला दिलं. पानं ठेचायची नाहीत, कडेला घासत फिरवायची, म्हणजे गरम होऊन काळी पडत नाहीत. आत्याच्या हाताला ते पाच मिनिटांत जमलं. बाईंनी तिचा हात धरून बाकीच्यांना दाखवला. आत्याला इटालियन येत नाही आणि बाईंना इंग्रजीही जेमतेम येत होतं. दोघी दुपारभर गप्पा मारत होत्या. परतताना लाकडाच्या भट्टीतली फारिनाता खाल्ली, बेसन, पाणी, ऑलिव्ह तेल आणि मीठ, बस्स. अंडं न खाणाऱ्यांनी जेनोव्हा, बारी किंवा तोस्कानातल्या सिएना भागातला हाताने वळलेला पीची पास्ता यांचा विचार करावा. पीचीत कधी कधी थोडं अंडं घालतात, तेवढं विचारून घ्या. पालेर्मोला गेलात तर बाल्लारो बाजारात पानेल्ले खा, तीही बेसनाचीच.

ज्यांना अंडं चालतं त्यांनी मात्र बोलोन्यात स्फोल्या लाटायला शिकाच. पातळ लाटलेल्या पास्त्याच्या पोळीला स्फोल्या म्हणतात आणि ती लाटणाऱ्या बायकांना स्फोल्यिने. प्रमाण साधं, १०० ग्रॅम पिठाला एक अंडं. दहा-पंधरा मिनिटं मळायचं, अर्धा तास झाकून ठेवायचं. लाटणं जवळजवळ मीटरभर लांब, सरळ, मुठी नसलेलं. आपला हात पोळीच्या सवयीने मधून कडेकडे जोर देतो आणि पोळी गोल फिरावी अशी वाट बघतो. इथे पोळी आपोआप फिरत नाही. तिची लांबची कड लाटण्यावर गुंडाळायची, तळहात मधून बाहेर सरकवत ताणायची, उलगडायची, पाव वळसा द्यायचा आणि पुन्हा. लाकडी पाट खरखरीत असतो, त्यामुळे पास्त्यालाही खरखरीतपणा येतो आणि रागू त्याला धरून राहतो. यंत्रातून काढलेली पट्टी गुळगुळीत होते. पोळी झाली की ती उचलून उजेडात धरतात. पलीकडे सान लुकाचं देऊळ दिसलं पाहिजे, असं इथे म्हणतात. हे तीन तासांत हाताला येत नाही, पण नेमकं काय यायला हवं ते तीन तासांत कळतं.

म्हणूनच तीन पदार्थांच्या क्लासपेक्षा एकाच कणकेवर वेळ देणारा क्लास मला जास्त मोलाचा वाटतो. ओळखीच्या एका कुटुंबाने फ्लोरेन्समध्ये क्लास घेतला तिथे दोन डझन माणसं होती, कणीक मळून तयार होती, यांनी फक्त यंत्राचा दांडा फिरवला. बुक करण्याआधी मेल करून तीन-चार गोष्टी विचाराव्यात : माणसं किती असतील, पीठ आम्ही स्वतः मळणार का, प्रत्येकाला वेगळा पाट आणि लाटणं मिळेल का, आणि शिकवणारी व्यक्ती कुठली आहे. सात-आठ माणसांहून मोठा गट मी टाळते. कोणाच्या घरी जाऊन शिकायचं असेल तर बोलोन्यातच २००४ मध्ये सुरू झालेलं चेझारीने हे घरगुती स्वयंपाक करणाऱ्यांचं जाळं आता देशभर आहे. गटातला क्लास साधारण ७०-८० युरोंपासून सुरू होतो, बाजार, क्लास आणि जेवण मिळून दीडशेच्या पुढे सहज जातो. चौघांच्या कुटुंबाला ही रक्कम लहान नाही. तेव्हा एकच घ्या आणि नीट घ्या. मुलं लहान असतील तर नापोलीचा पिझ्झा क्लास त्यांना जास्त रमवेल.

पैसे वाचवायचे असतील तर बाजारासाठी वाटाड्या न घेताही चालतं. सकाळी नऊला जा, भाजी-फळं घ्या, किचन असलेल्या भाड्याच्या घरात शिजवा. वाटाड्या खरा लागतो तो पार्मिज्यानोच्या कारखान्यात, कारण तिथे बसने पोहोचणं अवघड. पण सकाळी आठ-साडेआठला पोहोचायला हवं. रात्रीचं साय काढलेलं दूध आणि सकाळचं ताजं दूध तांब्याच्या घंटेसारख्या कढयांत एकत्र करतात. तासाभरात दही मोडून तळाशी गोळा बसतो, दोघं जण तागाच्या कापडात तो वर ओढतात आणि कापून त्याचे दोन जुळे गोळे करतात. एका चाकाला सुमारे ५५० लिटर दूध लागतं, वजन ४० किलोच्या आसपास, आणि किमान बारा महिने मुरवल्यावर लहान हातोडीने ठोकून, आवाज ऐकून त्याची परीक्षा होते. दहा वाजता आलात तर धुतलेली फरशी बघायला मिळेल.

शेवटचं म्हणजे क्लास सहलीच्या पहिल्या दोन दिवसांत ठेवा. बहुतेक जण तो शेवटच्या संध्याकाळी ठेवतात, निरोपाच्या जेवणासारखा. आधी केलात तर पुढच्या प्रत्येक गावात ताटातला पास्ता हाताचा की यंत्राचा हे ओळखता येतं, मंडईत काय मागायचं ते कळतं, आणि उपाहारगृहात चीजबद्दल विचारायला जीभ कचरत नाही. मेसाठी येणार असाल तर मार्चपर्यंत मेल टाका, छोटे वर्ग लवकर भरतात.